दहाचे टोले

६ फेब्रुवारी

चि. पंडितास अनेक आशीर्वाद.

फोन केला असता, पण फोन दुकानात गल्ल्याशेजारी आहे आणि तिथे एक बोललं की चार जण ऐकतात. म्हणून पत्र. वाचून झालं की फाडून टाक. तू फाडणार नाहीस, फायलीला लावशील, हे मला माहीत आहे. निदान कुलपात ठेव.

काल आबकारी खात्याची नोटीस आली. म्हणे मी सकाळी दहाच्या आधी दारू विकते! चार तारखा दिल्या आहेत. एका तारखेला त्यांचा माणूस स्वतः येऊन बाटली घेऊन गेला, असंही लिहिलंय. चौदा मार्चला सुनावणी आहे. तिथे आरोप खरा ठरला तर लायसन्स रद्द. दुकान गेलं तर वरच्या दोन खोल्याही जातील, कारण जागा दुकानाच्या नावावर भाड्याने आहे. मग मी काय तुझ्याकडे येऊन मुलांना शब्द चालवायला शिकवू?

पंडित, शपथेवर सांगते, दहाचे टोले पडल्याशिवाय मी शटरला हात लावत नाही. यांचं ते दुकानातल्या भिंतीवरचं लंबकाचं घड्याळ आहे ना, त्याचे टोले मी मोजते. दहा मोजले की उठते. धंद्यातलं मला काही कळत नव्हतं, एवढं एकच नीट करायचं ठरवलं होतं. हे गेले तेव्हा वरचं घरातलं घड्याळसुद्धा मागे पडलं होतं. कोणी बघितलंच नव्हतं. ते आणि माझं मनगटातलं, दोन्ही खालच्याशी जुळवून घेतली. आता घरात एक वेळ चालते.

घराबाहेर मात्र सगळा आनंद आहे. दूधवाला उशिरा, नळाला पाणी उशिरा, शाळेची घंटा उशिरा, कारखान्याचा भोंगासुद्धा उशिरा. बाईमाणूस एकटं पडलं की गावाची शिस्त सुटते.

तक्रार कोणी केली असेल? समोरचा शिंपी दिवसभर खिडकीत बसून माझ्याकडे बघतो. भावोजी तर काय, रोज संध्याकाळी दुकानातच असतात. तोंडाने गोड आहेत, तीच तर भीती.

तुझी ठकूताई

११ फेब्रुवारी

ती. ठकूताईस साष्टांग नमस्कार.

पत्र फायलीला लावलं आहे. कुलूप नाही, पण माझ्या फायली उघडायचं धाडस घरात कोणाला नाही.

खोकल्याच्या औषधापलीकडे मी आयुष्यात गेलो नाही, तरी तुझ्यासाठी ग्रंथालयात बसून मद्यविक्रीचे नियम वाचले. ग्रंथपाल तेव्हापासून मला निराळ्या आदराने वागवतो. राज्य म्हणतं, सकाळी दहा ते रात्री दहा. तुमची नगरपालिका म्हणते, आमच्या हद्दीत रात्री साडेनऊलाच पुरे. आम्ही व्याकरणवाले याला उत्सर्ग, म्हणजे सामान्य नियम, आणि अपवाद म्हणतो आणि त्यावर तीन दिवस वाद घालतो. गिऱ्हाईक मात्र साडेनऊला तुमच्या वेशीबाहेर चालत जाऊन अर्धा तास अपवादातून सुटका करून घेत असेल. सकाळच्या दहाबद्दल मात्र दोघांचं एकमत आहे. तिथे वाद नाही, म्हणजे तुला पळवाटही नाही.

शिंपी खिडकीत बसतो कारण तिथे उजेड असतो. तो सुईकडे बघतो, तुझ्याकडे नव्हे. तुला हे ऐकून वाईट वाटेल, पण पन्नाशीनंतर सुई सोडून आपल्याकडे बघत बसायला कोणाला सवड नसते.

दूध आणि भोंग्याबद्दल: माणूस गेल्यावर जग काही दिवस बेशिस्त वाटतं. बरं होईल.

मला तक्रारीची नक्कल पाठव. तारखांसमोर वेळा लिहिल्या असतील तर त्याही.

तुझा पंडित

१६ फेब्रुवारी

चि. पंडितास आशीर्वाद.

नक्कल कचेरीतून हाताने उतरवून आणली. तक्रारदाराचं नाव देत नाहीत, सुनावणीलाच कळेल म्हणाले. वेळा अशा: नऊ सत्तेचाळीस, नऊ अठ्ठेचाळीस, पुन्हा नऊ अठ्ठेचाळीस, नऊ एकोणपन्नास. खाली एकच वाक्य, "दुकान ठरलेल्या वेळी उघडावे, ही विनंती." बघ कसा साळसूदपणा!

नऊ अठ्ठेचाळीसला मी दुकानात एकटी, शटर खाली, फळ्या पुसत असते. खोटं बोलायचं तर किती बेमालूम! आणि त्यांचा माणूस साक्षीला उभा. म्हणजे वरपर्यंत हात पोचलेला कोणीतरी आहे.

आता ऐक. गेल्या आठवड्यात भावोजींनी दोनदा विचारलं, "वहिनी, लायसन्सचा कागद जरा बघायला मिळेल का?" मी म्हटलं, कशाला? तर म्हणे, "सहज." पंडित, लायसन्सचा कागद कोणी सहज बघतं का? माझं लायसन्स गेलं की यांचा सख्खा भाऊ म्हणून तेच अर्ज करणार. काल मी कागद गादीखाली ठेवला.

बाकी दुकानात चांगलं एवढंच की रोजचं पहिलं गिऱ्हाईक ठरलेलं आहे. मध्यम वयाचा, इस्त्रीचा शर्ट, हातात जेवणाचा डबा. सुटे पैसे मोजून आणतो, एक छोटी बाटली घेतो, डब्याच्या पिशवीत ठेवतो, "येतो ताई" म्हणतो आणि समोरच्या स्टॉपवर कारखान्याच्या बसमध्ये चढतो. अशी चार सभ्य माणसं असती तर मला दुकानाची लाज वाटली नसती.

ठकूताई

२० फेब्रुवारी

ती. ठकूताईस सा. न.

वेळा वाचल्या आणि मला रात्रभर बरं वाटलं. अनुमानाला असं खाद्य क्वचित मिळतं.

हे बघ. रागाने खोटी तक्रार करणारा "पावणेदहा" लिहितो. फार तर "साडेनऊच्या सुमारास". नऊ अठ्ठेचाळीस लिहिणारा माणूस निराळा. त्याचा रोजचा व्यवसायच अचूकपणाचा असला पाहिजे. मिनिट चुकलं तर ज्याला झोप येत नाही असा. धूर दिसला की विस्तव असतो, तसा जिथे अठ्ठेचाळीस दिसतात तिथे अचूकपणाची नोकरी असते.

आता तुझ्या ओळखीत असा कोण? तुझे दीर दिवसभर छापखान्यात काय करतात? मुद्रितं तपासतात. स्वल्पविराम निसटला तर त्यांना ताप येतो. माझ्या व्याकरणाच्या पुस्तिकेची मुद्रितं त्यांनीच तपासली होती आणि एकेचाळीस चुका काढून वर नम्रपणे "तपासावे" असं लिहिलं होतं. हा भाग वेगळा. मी तो मनात ठेवलेला नाही. एकेचाळीस हा आकडा सहज लक्षात राहिला.

शिवाय सकाळी ते दुकानात नसतात, त्यामुळे त्यांच्यावर कोणी संशय घेणार नाही. यालाच मी हुशारी म्हणतो.

तू गप्प राहा. मी त्यांना एक पत्र टाकतो.

तुझा पंडित

२७ फेब्रुवारी

पंडित,

तुझं पत्र आलं त्याच संध्याकाळी मी भावोजींकडे दुकानाची किल्ली मागितली. गप्प राहायला तू सांगितलं होतंस, पण गप्प राहणं तुला पत्रातच जमतं. मला तो माणूस रोज समोर दिसतो.

मी म्हटलं, "उद्यापासून रात्री मीच बंद करीन." त्यांनी किल्ली गल्ल्यावर ठेवली. मग स्टुलावर चढून घड्याळाला चावी दिली, काच रुमालाने पुसली, खाली उतरले. दारात म्हणाले, "दर आठ दिवसांनी द्यावी लागते, वहिनी." आणि गेले. जातानाही कसं साजूक वागायचं ते बघ! मला क्षणभर वाटलं, मीच काहीतरी चोरलंय.

परवा आबकारीचा माणूस पुन्हा आला. मी दहाचे टोले मोजले, शटर उचललं, तर तो बाहेर वहीत काही लिहीत उभा. मी म्हटलं, "काय साहेब, वेळ बघा, दहा वाजले." त्याने मनगटाकडे पाहिलं, मग माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी वेडी आहे.

सगळे मिळालेत, पंडित.

ठकूताई

३ मार्च

पंडितजींस स. न. वि. वि.

आपलं पत्र मिळालं. त्यात तीन चुका आहेत. दोन शुद्धलेखनाच्या, त्या सोडून देतो. तिसरी माझ्याबद्दल आहे.

मी तक्रार केलेली नाही. सकाळी दुकान कधी उघडतं हे मला ठाऊकच नाही. सकाळी मी छापखान्यात असतो. सकाळी दादा उघडायचा, स्वतःच्या मनगटी घड्याळावर. रात्री मी बंद करायचो, भिंतीवरच्या घड्याळावर. ते दादाने मुद्दाम तेरा मिनिटं पुढे ठेवलेलं होतं. साडेनऊच्या ठोक्याला आत घुसणाऱ्यांशी हुज्जत घालता घालता एकदा पावणेदहा झाले होते आणि नगरपालिकेची ताकीद आली होती. तेव्हापासून दादा म्हणायचा, "आपले साडेनऊ सरकारच्या आधी वाजू देत." बारा वर्षं आम्ही तसंच केलं. हे वहिनींना माहीत असेलच.

लायसन्सचा कागद मी मागितला, कारण नूतनीकरणाची मुदत एकतीस मार्चला संपते. वहिनींना घाबरवायचं नव्हतं म्हणून "सहज" म्हणालो. फॉर्म आणून भरून ठेवला आहे. फक्त कागदावरचा नंबर हवा आहे.

त्यांना चावीची आठवण करावी. सहा तारखेला द्यायला हवी.

आपला, मुद्रितशोधक

५ मार्च

ती. ठकूताईस सा. न.

हे पत्र उभ्याने वाचू नकोस. बस.

सोबत तुझ्या दिरांचं पत्र जोडलं आहे. आधी ते वाच, मग मला शिव्या दे, मग पुढे वाच.

वाचलंस? आता वरचा रेडिओ लाव. तुझे यजमान गेल्यापासून तू तो लावलेला नाहीस, हे मला कोणी सांगायला नको. सातच्या बातम्यांचे ठोके पडतील तेव्हा घरातलं कोणतंही घड्याळ बघ. सगळी एकच सांगतील: सात तेरा.

दूधवाला वेळेवर येत होता, ठकूताई. नळ वेळेवर, घंटा वेळेवर, भोंगा वेळेवर. गावाची शिस्त जागच्या जागी आहे. तूच चार महिने गावाच्या तेरा मिनिटं पुढे राहते आहेस. घरात खरी वेळ सांगणारी दोनच घड्याळं उरली होती, ती तू मागे पडली म्हणून "दुरुस्त" केलीस. यजमानांचं मनगटी घड्याळ कपाटात असेल, बंद पडलेलं. तुला बिचारीला साक्षीला कोणी उरलंच नाही.

तक्रार खरी आहे. नऊ सत्तेचाळीसला तू दहाचे टोले मोजून, शपथेवर, प्रामाणिकपणे कायदा मोडत होतीस.

आता माझं. पहिल्याच पत्रात तू मला सगळं लिहिलं होतंस: घड्याळ जुळवलं आणि मग जग उशिरा चालू लागलं. एवढं उघडं कारण समोर असताना मी त्याला शोक म्हणून पुढे गेलो आणि मुद्रितशोधकाला धरलं. आमच्या शास्त्रात अशा फसव्या कारणाला हेत्वाभास म्हणतात. घरी माझ्या बायकोने यासाठी अधिक सुटसुटीत शब्द वापरला. ते एकेचाळीस मी मनात ठेवले होते. त्यातले चाळीस तरी खरे होते, हेही तुला सांगून टाकतो. तुझ्या दिरांना वेगळं पत्र लिहिलं आहे. ते पाठवण्याआधी चारदा तपासलं.

सुनावणीला मी यायचा प्रयत्न करतो, पण परीक्षा चालू आहेत. तू लपवाछपवी करू नकोस. जे आहे ते सांग.

तुझा मूर्ख पंडित

१५ मार्च

चि. पंडितास आशीर्वाद. शिव्या फोनवर देईन, पत्रात पुरावा राहतो.

काल सुनावणी झाली. मी ठरवलं, पुरावा म्हणजे घड्याळच. भिंतीवरून उतरवलं, चादरीत गुंडाळलं, रिक्षात मांडीवर घेऊन बसले. लंबकाचं घड्याळ मांडीवर चालत नाही, हे मला रिक्षात कळलं. अधिकाऱ्यांच्या टेबलावर ठेवून चादर सोडली तर काटे सव्वानवावर ठप्प! ते म्हणाले, "बाई, तुम्ही बंद घड्याळ पुरावा म्हणून आणलंत?" मागच्या बाकावर कोणीतरी हसलं. मला तिथेच जमिनीत जावंसं वाटलं.

तेवढ्यात मागून आवाज आला, "ते तेरा मिनिटं पुढे असतं, साहेब." भावोजी. मी बोलावलं नव्हतं. छापखान्यातून अर्धी रजा टाकून आले होते, बोटांना शाई तशीच.

साहेब म्हणाले, "तुम्ही घरचेच. घरचे तर सांगणारच."

मग तक्रारदाराला उभं केलं. पंडित, एक नर्स. पांढऱ्या कपड्यांत, रात्रपाळी करून थेट आलेली, छातीवर पिनेने घड्याळ लावलेलं. मिनिटं टिपायचीच नोकरी. तुझं अनुमान बरोबर होतं, माणूस तेवढा चुकला.

ती म्हणाली, "साहेब, ते खरं बोलताहेत. मी रात्रपाळीहून येते तेव्हा समोरच्या स्टॉपवर बसते. यांच्या दुकानातले दहाचे टोले मला रस्त्यापलीकडे ऐकू येतात. माझ्या घड्याळात तेव्हा नऊ सत्तेचाळीस झालेले असतात. मला वाटलं, ह्या मुद्दाम वाजवतात."

साहेबांनी तिला विचारलं, "तुम्हाला तेरा मिनिटांचं एवढं काय पडलंय?"

तिने छातीवरचं घड्याळ चाचपलं. मग म्हणाली, "नऊ पंचावन्नला कारखान्याची बस असते. माझे मिस्टर त्या बसने जातात. लेथवर, फिरत्या यंत्रावर काम आहे त्यांचं. दुकान दहाला उघडायचं तेव्हा घ्यायचे ते संध्याकाळी, घरी येताना. ते मी चालवून घेतलं असतं. नोव्हेंबरपासून बाटली डब्याबरोबर जाते."

इस्त्रीचा शर्ट, पंडित. सुटे पैसे. "येतो ताई."

मी तिला म्हटलं, "अहो, मला येऊन सांगायचं होतंत." ती म्हणाली, "आले होते की. डिसेंबरात. तुम्ही म्हणालात, माझ्या दुकानात दहाच्या आधी काही विकलं जात नाही, कोणी पाठवलंय तुम्हाला?" मला आठवेना. पण वाक्य माझंच आहे, ते मला ओळखू आलं.

लायसन्स राहिलं. लेखी ताकीद दिली, आणि दुकानात बरोबर वेळेचं घड्याळ लावून त्याची पावती कचेरीत दाखवायची. पुन्हा झालं तर माफी नाही. बाहेर आल्यावर मी भावोजींसमोर किल्ली धरली. ते म्हणाले, "दुकानाची की घड्याळाची?" मी म्हटलं, "दोन्ही तुमच्याकडेच असू देत." घेतली. अजून नीट हसलेले नाहीत. हसतील.

ठकूताई

२१ मार्च

ती. ठकूताईस सा. न.

फोनवरच्या शिव्या पोचल्या. त्यातल्या दोन माझ्या शब्दसंग्रहात नव्हत्या, टिपून ठेवल्या आहेत.

आता एक विचारतो. जुनं घड्याळ बरोबर करून घेतलंस का? आणि तो मनुष्य? दहाला उघडलंस म्हणून तो सुधारला, असं काही मला लिहू नकोस. माझा विश्वास बसायचा नाही.

तुझा पंडित

२ एप्रिल

चि. पंडितास आशीर्वाद.

जुन्याला हात लावला नाही. यांनी ठेवलं तसंच आहे, तेरा मिनिटं पुढे, आणि रात्री भावोजी त्याच्यावरच बंद करतात. शेजारी एक नवीन लावलंय, सेलचं, टोले नसलेलं. ते सरकारचं. सकाळी त्याच्यावर उघडायचं. घरातलं आणि मनगटातलं रेडिओवर लावून घेतलं. रेडिओ आता रोज लावते.

नूतनीकरण झालं. भावोजींचा फॉर्म बिनचूक होता, हे तुला मुद्दाम सांगते.

आता त्या माणसाचं. पहिल्या दिवशी जुन्याचे दहा टोले पडले आणि माझे पाय आपोआप उठले. बळेच बसले. शटर जमिनीपासून चार बोटं वर राहतं, त्या फटीतून बाहेरचे बूट तेवढे दिसतात. त्याचे बूट समोर. त्याने शटर वाजवलं. "ताई? दहा वाजले की. टोले ऐकले मी." मी श्वास धरून बसले, आपल्याच दुकानात चोरासारखी. बस आली, हॉर्न दिला, गेली. बूट तिथेच. नव्या घड्याळात दहा झाल्यावर मी उघडलं. त्याने बाटली घेतली, माझ्याकडे न बघता उलट्या दिशेने निघून गेला. त्या दिवशी कामाचा खाडा. म्हणजे मी काय कमावलं? त्या बाईला तोंड दाखवायची सोय राहिली नाही.

दुसऱ्या दिवशी तेच. तिसऱ्या दिवशी बूट आलेच नाहीत, आणि मला वाटलं, दुसरं दुकान शोधलं असेल. संशय घ्यायचा माझा स्वभाव काही जात नाही.

काल पुन्हा आले. जुन्याचे टोले पडले. त्याने शटर वाजवलं नाही. बूट नुसते उभे होते. बसचा हॉर्न झाला. बूट एकदा शटरकडे, एकदा रस्त्याकडे. मग वळले. मी जमिनीवर गाल टेकवून बघत होते, या वयात, नऊवारी असती तर आणखी शोभलं असतं. ते बसच्या पायरीवर चढले. बस गेली.

आजही तसंच. संध्याकाळी येतो, बाटली घेतो. "येतो ताई" म्हणत नाही. उद्याचं मला माहीत नाही.

आणि ती. रात्रपाळी संपवून अजून स्टॉपवर बसते. दहाला मी शटर वर केलं की छातीवरचं घड्याळ उचलून बघते. माझ्याकडे बघत नाही. ती अजूनही रोज वेळ टिपून ठेवते, असा मला दाट संशय आहे.

टिपू दे.

तुझी ठकूताई